घरचा माणूस कुणी अडकवून ठेवला असेल तर: बेळगाव, खानापूर, निपाणीकडच्या लोकांसाठी हेबियस कॉर्पसची वाट

सोमवारी सकाळी आमच्या ऑफिसच्या बाकावर बसलेल्या माणसांत अधूनमधून "हेबियस टाकायचंय" म्हणणारं कुणीतरी असतं. हातात आधार कार्डाची झेरॉक्स, मोबाइलमध्ये नवऱ्याचा नाहीतर भावाचा फोटो, आणि रात्रभर जागलेले डोळे. मी वकील नव्हे. बेळगावात एका वकिलांकडे कारकुनी करतो, कागद लावतो, धारवाडच्या हायकोर्टात फाइल पोचवतो. पण पहिला प्रश्न बहुतेक वेळा मलाच विचारावा लागतो: शेवटचं कुणी पाहिलं, आणि किती वाजता? "काल संध्याकाळी कधीतरी" असं उत्तर आलं की पुढं कष्ट आहेत हे कळतं. "साडेसात वाजता, चहाच्या गाड्यासमोर, पांढरी बोलेरो, साध्या कपड्यातले दोघं, गाडीत बसवताना चहावाल्यानं पाहिलं" असं आलं, की निम्मी याचिका तिथंच तयार झालेली असते.

हेबियस म्हणजे अडकवून ठेवलेल्या माणसाला कोर्टापुढं हजर करायला लावणारी याचिका. वर्तमानपत्रं याला बंदी प्रत्यक्षीकरण म्हणतात. कोर्टाच्या आवारात मात्र तो शब्द कुणी वापरत नाही, सगळे हेबियसच म्हणतात. राज्यघटनेच्या कलम 226 खाली हायकोर्टाकडे आणि कलम 32 खाली सुप्रीम कोर्टाकडे असा हुकूम काढण्याचा अधिकार आहे. कोर्ट यात दोनच गोष्टी विचारतं. माणूस कुठे आहे? आणि ज्यानं ठेवलाय त्यानं कुठल्या अधिकारानं ठेवलाय? माणूस गुन्हेगार आहे की नाही, लग्न शोभणारं आहे की नाही, शेताची वाटणी कशी व्हावी, यातलं काहीही इथं ठरत नाही. माणूस सज्ञान असेल, म्हणजे अठरा पूर्ण असतील, तर तिसरा प्रश्न येतो आणि बऱ्याच घरांची तयारी नेमकी तिथंच कमी पडते: त्या माणसाला स्वतःला काय हवंय?

आधी आपलं प्रकरण ओळखा

हेबियस मागायला आलेल्यांपैकी बऱ्याच जणांना हेबियस लागतच नाही. हे मी कुणाला हिणवायला सांगत नाही, त्यांचे पैसे आणि दिवस वाचावेत म्हणून सांगतो.

माणूस बेपत्ता आहे, पण कुणी नेलं, कुणी ठेवलं याचा धागा नाही, अशा वेळी ही याचिका टिकत नाही. कोर्टाला बेकायदा कैदेचा पहिल्या नजरेला पटेल असा काहीतरी आधार लागतो. "घरातून निघून गेला, फोन बंद आहे" एवढ्यावर तो उभा राहत नाही. तिथं पोलीस स्थानकात मिसिंगची तक्रार द्यायची, त्याची प्रत घ्यायची आणि तपासाच्या मागे लागायचं. पोलिसांनी हात वर केले तर त्यासाठी वेगळे मार्ग आहेत.

दुसरा प्रकार म्हणजे अटक झालेली आहे, मॅजिस्ट्रेटसमोर उभं केलेलं आहे, रिमांडचा आदेश झालेला आहे. इथं कैद कोर्टाच्या आदेशानं आहे. तो आदेश अधिकाराबाहेरचा किंवा डोळे झाकून दिलेला आहे असं दाखवता आलं तरच हेबियसला जागा राहते. एरवी जामिनाचा अर्ज हाच रस्ता. लक्षात ठेवण्यासारखी गोष्ट अशी की कैद कायदेशीर आहे का, हे कोर्ट सुनावणीच्या वेळची परिस्थिती बघून ठरवतं. शुक्रवारी रात्री बेकायदा बसवून ठेवलेला माणूस सोमवारी रिमांडवर गेला, तर मंगळवारी टाकलेली याचिका बहुधा निकामी होते. शुक्रवारच्या बेकायदा कोठडीची दाद मग दुसऱ्या वाटेनं मागावी लागते.

तिसरा प्रकार आपल्या भागाचा खास. काळ्या दिनाच्या (1 नोव्हेंबर) आसपास किंवा डिसेंबरात सुवर्ण विधानसौधमध्ये अधिवेशन चालू असताना सीमाप्रश्नावरच्या महामेळाव्याच्या तोंडावर मराठी कार्यकर्त्यांना प्रतिबंधक म्हणून ताब्यात घेतात. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 170 खाली अशी कोठडी एरवी 24 तासांच्या पुढं जाऊ शकत नाही, आणि बहुतेकांना संध्याकाळी सोडूनही देतात. धारवाडला फाइल नंबर पडेपर्यंत माणूस घरी जेवायला बसलेला असतो. 24 तास उलटूनही तो आला नाही, तर मात्र पुढचं सगळं तुमच्यासाठी आहे.

पहिल्या रात्री काय करायचं

पोलिसांनी नेलंय असं वाटत असेल तर आधी हे ठरवा की कुठले पोलीस. बेळगाव शहर आणि भोवतालचा काही भाग पोलीस आयुक्तांकडे आहे. खानापूर, निपाणी, चिकोडी, अथणी वगैरे जिल्हा पोलीस अधीक्षकांकडे. चुकीच्या स्थानकावर रात्र काढलेली कुटुंबं मी पाहिली आहेत. अटक केलेल्यांची नावं जिल्ह्याच्या कंट्रोल रूमकडे असावी लागतात, म्हणून स्थानकात "इथं कुणी नाही" असं सांगितलं तर कंट्रोल रूमला फोन करा. फोनची वेळ लिहून ठेवा. 112 वर केलेल्या फोनचीही नोंद राहते, ती पुढं उपयोगी पडते.

स्थानकात एकट्यानं जाऊ नका. सोबत कुणी शिक्षक, ग्रामपंचायत सदस्य, निदान दोन शेजारी असू द्या. आवाज चढवायचा नाही. विचारायचं ते एवढंच: अमुक माणूस तुमच्या ताब्यात आहे का, कुठल्या क्राइम नंबरमध्ये, अटक दाखवली आहे का? "चौकशीला बोलावलंय, सोडतो" हे वाक्य ऐकायला मिळेल. ज्याला अटक नाही त्याला उठून जायची मुभा असते, त्यामुळे हे वाक्य कुणी, किती वाजता म्हटलं ते टिपून ठेवा. पुढं याच वाक्याला कोर्टात किंमत येते. बाई असेल किंवा साठीच्या वरचा पुरुष असेल, तर साक्षीसाठी म्हणून त्यांना स्थानकात बोलावताच येत नाही, चौकशी घरीच व्हायला हवी. आणि बाईला सूर्यास्तानंतर अटक करायची तर अपवादात्मक कारण, महिला पोलीस आणि मॅजिस्ट्रेटची आधी घेतलेली परवानगी लागते.

अटक झाली असेल तर तुमचे हक्क ठरलेले आहेत. सुप्रीम कोर्टानं डी. के. बसू प्रकरणात डिसेंबर 1996 मध्ये ते घालून दिले आणि आता बरेचसे कायद्यातच आले आहेत. अटकेचा पंचनामा, त्यावर घरच्याची किंवा गावातल्या प्रतिष्ठित माणसाची सही, नातेवाइकाला कळवणं, वकिलाला भेटू देणं, वैद्यकीय तपासणी. सगळ्यांत मोठी गोष्ट कलम 22 ची: प्रवासाचा वेळ वगळून 24 तासांच्या आत जवळच्या मॅजिस्ट्रेटसमोर उभं करणं. रविवार होता, दसऱ्याची सुट्टी होती, ही सबब चालत नाही. सुट्टीच्या दिवशी मॅजिस्ट्रेटच्या घरी नेतात.

भाषेचा मुद्दा आपल्याकडचे लोक विसरतात. अटकेची कारणं लेखी द्यायला हवीत, आणि ती त्या माणसाला समजणाऱ्या भाषेत, असं सुप्रीम कोर्टानं नोव्हेंबर 2025 मध्ये स्पष्ट केलं. मराठी शाळेत शिकलेल्या, कन्नड वाचता न येणाऱ्या माणसाच्या हातात फक्त कन्नड कागद दिला असेल, तर ही गोष्ट वकिलांना पहिल्याच भेटीत सांगा.

कागद, कागद आणि कागद

पूर्वी जुने वकील पहिल्या तासात तार करायला लावत. एसपींना, जिल्हाधिकाऱ्यांना, हायकोर्टाच्या रजिस्ट्रारना. तारेवर पोस्टाचा वेळ पडायचा, आणि "यांना अमुक वाजता बाहेर नेलंच नव्हतं" अशी नंतर कुणी बतावणी केली तर ती तार बोलायची. 2013 च्या जुलैत तार बंद झाली. तिचं काम आता ईमेल आणि स्पीड पोस्ट करतात. व्हॉट्सअॅप चालतं, पण एकट्या व्हॉट्सअॅपवर विसंबू नका.

रात्रीच एक पानाचं निवेदन तयार करा. त्यात माणसाचं नाव, वय, अंगावरचे कपडे, कुठून नेलं, किती वाजता, कुणी पाहिलं, गाडीचं वर्णन आणि नंबर मिळाला असेल तर नंबर, तुम्ही कुठल्या स्थानकात किती वाजता गेला, तिथं काय उत्तर मिळालं, एवढंच लिहायचं. शेवटी मागणी: तो कुठे आहे ते कळवा, बेकायदा ठेवला असेल तर सोडा. हे स्थानकाच्या अधिकाऱ्याला, एसपी किंवा आयुक्तांना, आणि एक प्रत जिल्हाधिकाऱ्यांना. कुणी हाती घेतलं तर पोच म्हणून शिक्का आणि तारीख घ्या. नाही घेतलं तर त्याच दिवशी स्पीड पोस्टानं पाठवून पावती जपा.

मराठीत लिहिलं तर घेतील का? राज्यघटनेच्या कलम 350 प्रमाणे तक्रारीच्या निवारणासाठी संघराज्यात किंवा त्या राज्यात वापरात असलेल्या कुठल्याही भाषेत निवेदन देण्याचा हक्क प्रत्येकाला आहे. हक्क खराच आहे. पण घरचा माणूस आत असताना काउंटरवर भाषेचा वाद घालत बसण्यात शहाणपण नाही, असं माझं मत. मराठीत लिहा, खाली कन्नडमध्ये पाच ओळींचा गोषवारा कुणाकडून तरी लिहून घ्या, आणि दोन्ही एकाच कागदावर द्या. काम होतं.

मग साक्षीदार. चहावाला, रिक्षावाला, शेजारची मावशी. यांना लगेच वहीत दोन ओळी लिहायला लावा आणि सही घ्या, प्रतिज्ञापत्र नंतर करता येतं. चार दिवसांनी त्यांना "नक्की आठवत नाही" व्हायला लागतं. भीती हे त्याचं कारण असतं, त्यांना दोष देण्यात अर्थ नाही.

सीसीटीव्हीबाबत घाई करा. दुकानातल्या डीव्हीआरवर काही दिवसांतच जुन्या चित्रणावर नवं चढतं. दुकानदार ओळखीचा असेल तर पेन ड्राइव्हवर घ्या, निदान पडद्याचा मोबाइलवर व्हिडिओ घ्या, ज्यात तारीख-वेळ दिसेल. महामार्गानं नेलं असण्याची शक्यता असेल तर कोगनोळी, हत्तरगी, हिरेबागेवाडी या टोलनाक्यांची नावं याचिकेत घाला. ते चित्रण तुम्हाला कुणी देणार नाही, पण कोर्ट मागवू शकतं. पोलीस स्थानकातल्या कॅमेऱ्यांचं तसंच. परमवीर सिंह सैनी प्रकरणात सुप्रीम कोर्टानं डिसेंबर 2020 मध्ये प्रत्येक स्थानकात कॅमेरे आणि अठरा महिन्यांचा, ते शक्यच नसेल तर निदान एक वर्षाचा साठा ठेवायला सांगितलं. "अमुक तारखेचं, अमुक वेळेपासूनचं चित्रण जपून ठेवा" असा लेखी अर्ज पहिल्याच दिवशी दिलेला असला, की नंतर "कॅमेरा बंद होता" म्हणणं जड जातं.

माणूस सज्ञान असल्याचा पुरावा वेगळा ठेवा. एसएसएलसीचं (दहावीचं) मार्क्स कार्ड, जन्माचा दाखला. आधार कार्डावरचं वय हा वयाचा पक्का पुरावा म्हणून चालेलच असं नाही. एका प्रकरणात मुलगी अठरा वर्षं तीन महिन्यांची होती आणि घरचे तिला सतरा सांगत होते. शाळेचा दाखला दुसऱ्या बाजूनं आणला. त्यानंतर न्यायमूर्तींनी घरच्यांच्या बाकीच्या म्हणण्यावर किती विश्वास ठेवला असेल, हे सांगायला नको.

हद्दीपलीकडे नेलं असेल तर

आपल्याकडे हे नेहमीचंच. कोल्हापूर एकशेदहा किलोमीटरवर, गोवा त्याच्याही अलीकडे. महाराष्ट्राचे पोलीस निपाणीतनं माणूस उचलून तासाभरात आपल्या हद्दीत असतात. अंतर कमी असल्यानं ट्रान्झिट रिमांड (दुसऱ्या राज्यात न्यायला इथल्या मॅजिस्ट्रेटचा आदेश) न घेता 24 तासांच्या आत आपल्याच कोर्टापुढं उभं केलं, तर तेवढ्यावरून कैद बेकायदा होत नाही. म्हणून बेळगावच्या कंट्रोल रूमसोबत कोल्हापूरच्या आणि गोव्याच्या कंट्रोल रूमलाही विचारा. एफआयआर बहुतेक राज्यांच्या पोलिसांच्या संकेतस्थळावर 24 तासांत चढवायचे असतात, नाजूक गुन्हे सोडून. तिथं नाव टाकून बघा. ई-कोर्ट्स या कोर्टांच्या संकेतस्थळावरही रिमांडची नोंद कधी कधी आधी दिसते.

कुठल्या हायकोर्टात जायचं हे माणूस कुठे आहे आणि घटना कुठे घडली यावर ठरतं. बेळगाव, कारवार जिल्हा (म्हणजे हल्याळ, जोयडाही), बागलकोट, धारवाड, गदग, हावेरी यांना धारवाड पीठ. बिदरकडच्या मराठी माणसांनी मात्र धारवाडला येऊ नये, त्यांचं पीठ कलबुर्गी. चंदगड, गडहिंग्लज, कागल, मिरजेकडं माणूस ठेवला असेल तर मुंबई हायकोर्टाचं कोल्हापूर सर्किट बेंच, ते 18 ऑगस्ट 2025 पासून सुरू झालं. त्याआधी मुंबई गाठावी लागायची. गोव्यात असेल तर पर्वरी. बेळगावातून उचललं आणि कोल्हापुरात ठेवलं, अशा वेळी घटनेचा काही भाग कर्नाटकात घडलेला असल्यानं कलम 226(2) खाली धारवाडलाही दार उघडं असतं. तरी ज्याच्या ताब्यात माणूस आहे त्या अधिकाऱ्यावर ज्याचा हुकूम सरळ चालतो ते कोर्ट बरं, हा आमच्या वकिलांचा अनुभव.

पोलीस नव्हे, खासगी माणसानं ठेवलं असेल तर

हेबियस फक्त सरकारविरुद्ध चालतं हा गैरसमज आहे. आईबाप, भाऊ, सासरचे, मठ-आश्रम, व्यसनमुक्ती केंद्र, मुकादम, सगळ्यांविरुद्ध चालतं.

पण इथं आधी एक जवळची वाट बघा. नागरिक सुरक्षा संहितेचं कलम 100, जुन्या कायद्यातलं 97. जेएमएफसी (प्रथमवर्ग मॅजिस्ट्रेट), प्रांताधिकारी किंवा जिल्हाधिकारी यांना पटलं की माणूस गुन्हा ठरेल अशा रीतीनं कोंडून ठेवलेला आहे, तर ते झडतीचं वॉरंट काढून त्याला समोर आणायला लावू शकतात. खानापूरच्या माणसाला खानापुरातच, चिकोडीच्या माणसाला चिकोडीतच. नक्की कुठल्या घरात, कुठल्या खोलीत हे माहीत असेल तर ही वाट धारवाडपेक्षा लवकर पोचवते. ठावठिकाणाच माहीत नसेल किंवा पोलीसच दुसऱ्या बाजूला असतील, तर हायकोर्ट.

ऊसतोडीच्या आणि वीटभट्टीच्या टोळ्यांत उचल फिटली नाही म्हणून माणसं अडकवून ठेवतात. तिथं 1976 च्या वेठबिगार निर्मूलन कायद्याखाली प्रांताधिकाऱ्यांकडे सुटकेची मागणी करा. सुटकेचा दाखला मिळाला की उचलीचं कर्जही संपतं आणि पुनर्वसनाची मदत मागता येते. नुसत्या हेबियसनं माणूस सुटतो, पण मुकादमाचा तगादा घरापर्यंत येतच राहतो.

व्यसनमुक्ती केंद्राचं प्रकरण अलीकडे वाढलंय. घरच्यांनीच सही करून भावाला टाकलं, आता बायको म्हणते सोडा, केंद्र म्हणतं कोर्स पुरा झाला नाही. दारू-ड्रग्जच्या सवयीशी जोडलेला मानसिक त्रास 2017 च्या मानसिक आरोग्य कायद्यात येतो. संमतीशिवाय ठेवायचं तर कलम 89 च्या अटी लागतात: डॉक्टरांची स्वतंत्र तपासणी, एरवी तीस दिवसांची मुदत, पुनर्विलोकन मंडळाला कळवणं. केंद्राची नोंदणी आहे का, कुठल्या डॉक्टरनं कधी तपासलं, मंडळाला कळवल्याचं पत्र कुठे आहे, हे तीन प्रश्न लेखी विचारा. उत्तर आलं नाही, तर ते न आलेलं उत्तरच याचिकेला जोडा.

आता सगळ्यांत अवघड: मुलगी. बाप येतो, म्हणतो, पोरगीला फितवून डांबून ठेवलंय. नवरा येतो, म्हणतो, बायकोला माहेरच्यांनी कोंडलंय. दोघंही हेबियसच मागतात. दोघांना मी एकच सांगतो: ती न्यायमूर्तींसमोर जे बोलेल तेच होणार. केरळच्या शफीन जहाँ प्रकरणात 2018 मध्ये सुप्रीम कोर्टानं स्वच्छ म्हटलं की सज्ञान माणसानं कुणाशी लग्न करावं, कुठे राहावं हा त्याचा निर्णय आहे आणि हेबियसमध्ये कोर्टानं आईबापाची भूमिका घ्यायची नाही. 2024 च्या मार्चमध्ये केरळच्याच आणखी एका प्रकरणात हायकोर्टांसाठी सूचनाच दिल्या: अशा माणसाशी न्यायमूर्तींनी एकांतात, दडपणाशिवाय बोलावं, समुपदेशनाच्या नावाखाली मन वळवण्याचा उद्योग करू नये, घरी परत जायची इच्छा नसेल तर लगेच मोकळं करावं. बापाला माहीत आहे की मुलीनं सब-रजिस्ट्रारकडे लग्न केलंय, मुलीचा फोन आलेला आहे, आणि तरी याचिकेत "ठावठिकाणा माहीत नाही" लिहिलंय, हे उघड झालं तर दंड बसतो. माहीत असलेलं लपवू नका. वकिलांपासून तर मुळीच नको.

गुंडा कायद्याखाली उचललं असेल तर

हा भाग थोडक्यात, कारण इथं चांगल्या वकिलाशिवाय पाऊल टाकू नये. कर्नाटकाचा 1985 चा कायदा आहे, त्याखाली खटल्याशिवाय बारा महिन्यांपर्यंत ठेवता येतं, आणि इथं 24 तासांचा नियम लागत नाही. पण इथंच हेबियस सगळ्यांत जास्त यशस्वी होतं, कारण प्रत्येक टप्प्याला मुदत आहे आणि एखादी चुकली तरी आदेश पडतो. कैद्याला कारणं त्याला कळणाऱ्या भाषेत द्यायला हवीत हे सुप्रीम कोर्टानं 1962 मध्येच हरिकिसन प्रकरणात सांगितलं. त्या माणसाला इंग्रजी येत नव्हतं, त्यानं हिंदीत कागद मागितले, दिले नाहीत, कोर्टानं सोडून दिलं. मराठी माणसाला कन्नड कारणं दिली असतील तर आजही तोच मुद्दा. हिंडलग्याच्या कारागृहात भेटायला जाल तेव्हा त्याला एवढंच विचारा: कुठले कागद मिळाले, कुठल्या तारखेला, वाचता आले का. आणि सरकारला निवेदन दिलं का, त्यावर उत्तर आलं का.

धारवाडला

2008 पर्यंत या कामासाठी बेंगळुरू गाठावं लागे, रात्रीची गाडी, पाचशे किलोमीटर. त्या वर्षीच्या जुलैत धारवाडला सर्किट बेंच आलं, 2013 च्या ऑगस्टपासून कायमचं पीठ झालं. बेळगावहून जाताना धारवाड गावात शिरायच्या आधीच महामार्गालगत कोर्टाची इमारत लागते.

याचिका कुणीही टाकू शकतं, बायको, भाऊ, मित्र. तरी ज्याला स्वतःला जास्त माहिती आहे त्यानंच अर्जदार व्हावं. वयस्क वडील मान म्हणून पुढं बसतात आणि सगळं ऐकीव सांगतात, त्यापेक्षा प्रत्यक्ष पाहणारी बायको बरी. समोर राज्य सरकार गृह खात्यामार्फत, एसपी किंवा आयुक्त, स्थानकाचे अधिकारी, आणि खासगी माणूस असेल तर तोही, नाव-पत्त्यानिशी.

याचिका इंग्रजीत असते. कन्नड आणि मराठी कागदांचं भाषांतर जोडावं लागतं, आणि सगळ्यांत जास्त वेळ इथं जातो. म्हणून बेळगाव सोडण्याआधीच भाषांतर टाइप करून घ्या. प्रतिज्ञापत्रावर सही करण्यापूर्वी मजकूर मराठीत वाचून दाखवायला सांगा आणि तसं खाली लिहून घ्या. न वाचलेल्या कागदावर सही केली आणि वेळ चुकीची पडली, तर ती चूक तुमची ठरते. तारीख-वेळेचा एक सरळ तक्ता पहिल्या पानांत असावा. न्यायमूर्ती आधी तोच बघतात.

नंबर डब्ल्यूपीएचसी (हेबियसची रिट याचिका) असा पडतो. ऑफिसनं हरकती काढल्या तर त्याच दिवशी दुरुस्त करून घ्या, फाइल तिथंच पडून राहू देऊ नका. प्रकरण दोन न्यायमूर्तींच्या बेंचपुढं जातं. तातडी असेल तर वकील सकाळी मेन्शन करतात, म्हणजे प्रकरण लवकर घ्या असं न्यायमूर्तींना तोंडी सांगतात. सुट्टीतही सुट्टीचं बेंच असतं.

वकिलाला द्यायला पैसे नसतील तर जिल्हा कायदा सेवा प्राधिकरणाकडे जा, बेळगावच्या कोर्टाच्या आवारातच ते आहे. बायका, अनुसूचित जाती-जमातीची माणसं आणि कोठडीतली व्यक्ती यांना उत्पन्न न बघता वकील मिळतो. 15100 वर फोन केला तरी सांगतात. हायकोर्टासाठी धारवाडला वेगळी समिती आहे. हे वकील बिनकामाचे असतात असं लोक म्हणतात. मला तसा सरसकट अनुभव नाही. कागद नीट असले की त्यांच्याही हातून काम होतं.

सुनावणीला

पहिल्या तारखेला कोर्ट बहुधा सरकारी वकिलांना सूचना घ्यायला सांगतं किंवा नोटीस काढून माणसाला शोधून हजर करायला लावतं. बऱ्याच वेळा नोटीस निघाल्याच्या रात्रीच माणूस घरी पोचतो. कुणी तरी गल्लीच्या तोंडाशी सोडून जातं. तेव्हा आनंदात तारीख बुडवू नका. वकिलांना सांगा, माणसाला घेऊन जा, आणि कुठं ठेवलं होतं ते नोंदवा.

पोलिसांनी शपथेवर "आमच्या ताब्यात नाही" असं दिलं, तर तुमचे ते चहावाला, दुकानातला व्हिडिओ, स्पीड पोस्टाची पावती आणि चित्रण जपण्याचा अर्ज उपयोगी पडतात. सुरुवातीचा धागा तुम्ही दाखवायचा. तो दाखवला की कैद कायदेशीर होती हे सिद्ध करण्याचा भार ठेवणाऱ्यावर जातो. धागा जेवढा पक्का, तेवढा तो भार जड.

सज्ञान व्यक्ती हजर झाली की न्यायमूर्ती तिच्याशी चेंबरमध्ये बोलतात. तिला फक्त मराठी येत असेल तर वकिलांनी आधीच कोर्टाच्या कानावर घालावं, म्हणजे दुभाष्याची सोय होते. व्हरांड्यात तिच्याभोवती नातेवाइकांचा गराडा घालून "असं सांग, तसं सांग" चालू असतं, ते बंदोबस्तावरच्या पोलिसांच्या आणि कधी कोर्टाच्याही नजरेस येतं. त्याचा उलटाच परिणाम होतो. दोन वर्षांपूर्वी एक आई दिवसभर पायरीवर डबा घेऊन बसली होती, एक शब्द बोलली नाही. मुलगी नवऱ्याबरोबरच गेली, पण जाताना डबा घेऊन गेली.

सुटकेचा आदेश झाला तर सही-शिक्क्याची प्रत हातात घेतल्याशिवाय धारवाड सोडू नका. माणूस हिंडलग्याला असेल तर आदेश तिथं कधी पोचतो याचा पाठपुरावा करा. संध्याकाळची वेळ टळली की सुटका दुसऱ्या दिवसावर जाते. अंगावर मार असेल तर घरी न नेता थेट सरकारी दवाखान्यात न्या, डॉक्टरांना प्रत्येक जखम लिहायला सांगा, आणि रंग बदलायच्या आत उजेडात फोटो काढा. बेकायदा कोठडीबद्दल भरपाई मागता येते, रुदुल साह प्रकरणापासून, म्हणजे 1983 पासून, कोर्टांनी ती दिलेली आहे. पण त्यासाठी हेच कागद पुन्हा लागतात. फाइल एकदा नामंजूर झाली तरी नवा आधार सापडल्यास दुसरी याचिका टाकता येते, म्हणून मूळ पावत्या आणि पेन ड्राइव्ह वकिलांकडे देऊन टाकू नका. त्यांना प्रती द्या, मूळ आपल्या घरात कोरड्या जागी, पावसाळ्याच्या ओलीपासून लांब ठेवा. पोस्टाच्या पावतीवरची शाई वर्षभरात उडते. तिची झेरॉक्स आजच काढा.